पेरलेलं सोनं

तेवीस वर्षं नोलीन पॅस्को ऑस्ट्रेलियातल्या वेडरबर्न गावाच्या आसपासची रानं धातू शोधायचा डिटेक्टर घेऊन पालथी घालत होती. मेंढ्या कातरणाऱ्यांच्या तळावर रांधून रांधून हाडं झिजली, पाठोपाठ नवरा गेला, आणि मग हा सोनं हुडकायचा नाद लागला तो लागलाच.

तिच्यावर माहितीपट काढायला मेलबर्नहून डेमियन आला. कॅमेरा धरायला सोबत त्रिनी नावाची अबोल बाई. चार दिवसांत निघाले ते खिळे, बंदुकीचे छर्रे आणि घोड्याचा अर्धा नाल.

"गंजके खिळे कोण बघणार हो, नोलीन?" डेमियन वैतागला. "सोन्याचा एखादा खडा पुरू या, तुम्ही शोधून काढा. दोन मिनिटांचं काम!"

"पोरा, असली नाटकं दुसऱ्या कुणाकडून करून घे."

तो हसला. विषय संपला असं तिला वाटलं.

पाचव्या दिवशी चहा पिऊन तिने कानांवर हेडफोन चढवले आणि एका झाडाखालून यंत्र फिरवलं. कानात लांब, गोड शीळ वाजली. गुडघे टेकून कुदळ मारली. दुसऱ्याच घावाला अंगठ्याएवढा सोन्याचा खडा!

"जवळ जा, जवळ!" डेमियन त्रिनीवर ओरडला.

नोलीनचे डोळे भरून आले. मग तिने खडा उलटा केला. खाचांत लाल मातीचा कणही नव्हता. खालची मातीही भुसभुशीत. इथली चिकणमाती कुदळीला इतक्या सहज कधीच सुटत नाही.

ती उठली आणि थेट कॅमेऱ्यात बघून म्हणाली, "हे सोनं इथलं नाही. मी चहा पीत होते तेव्हा या माणसाने ते पुरलं."

"बंद कर कॅमेरा!"

त्रिनीने केला नाही.

"कापून टाकीन मी हे," डेमियनचा चेहरा लालबुंद झाला.

"काप की! पण परवानगीच्या कागदावर माझी सही व्हायचीय अजून. हे राहिलं तर मी राहीन. नाहीतर माझं नाकसुद्धा तुझ्या फिल्ममध्ये दिसता कामा नये."

"माझे पाच दिवस पाण्यात जातील!"

"गप्प बसले असते तर माझी तेवीस वर्षं गेली असती."

तो दार आपटून गाडीत बसला. त्रिनी खिडकीपाशी गेली. "साहेब, पाच दिवसांत बघण्यासारखं हे एवढंच मिळालंय."

अर्ध्या तासाने तो कागद घेऊन आला. "राहील. जसं झालं तसं."

नोलीनने तेच शब्द कागदावर स्वतःच्या हाताने लिहिले, त्याची सही घेतली, मग आपली केली. खडा त्याच्या हातात ठेवला.

"आता खड्डा बुजव. उकरलं की बुजवायचं, हा इथला रिवाज."

तो बुटाने माती लोटू लागला.

"पायाने नाही. हाताने." मग ती त्रिनीकडे वळली. "हेही कॅमेऱ्यात घे गं."