चारशे सतराचा खिळा

मी जेरे, न्गोनी जमातीचा, उत्तर ऱ्होडेशियातल्या तांब्याच्या खाणीच्या तोंडाशी कामाला. खाली उतरणारा माणूस फळीवरच्या खिळ्यावरून आपला पितळी बिल्ला काढून गळ्यात घालतो, वर आला की परत अडकवतो. खिळा रिकामा म्हणजे माणूस खाली. एवढं बघायचा मला पगार.

दरड कोसळली त्या दिवशी चारशे सतराचा खिळा रिकामाच राहिला. तो काबासोचा, बेम्बा जमातीच्या एका गड्याचा. मॅनेजर प्रिंगल ब्वाना, म्हणजे साहेब, तेव्हा निवडणुकीला उभे होते. ‘माझ्या खाणीत वर्षभरात एकही मृत्यू नाही’ असं भिंतीभिंतीवर लावलेलं. त्यांनी नवा बिल्ला पाडून माझ्या हातात दिला. मी अडकवला. फळीच्या हिशेबाने काबासो वर आला. मग तीन दिवस कामावर आला नाही म्हणून कंपनीने त्याला काढून टाकलं.

बेम्बांच्या मयताला आम्ही न्गोनींनी जायचं, खड्डा खणायचा आणि मेलेल्याला शिव्या घालायच्या, ही रीत. कोणी रागवायचं नाही. आजोबांच्या काळात दोन्हीकडचे भाल्यांनी लढले, आता तोंडाने. शिव्या मिळाल्याशिवाय मेलेला जात नाही आणि बायको सुतकातून सुटत नाही.

काबासोची बायको म्वापे दारात आली. “उंदीरखाऊ जेरे, माझ्या नवऱ्याला शिव्या कधी घालणार?”

“माकडखाऊ वहिनी, कंपनी म्हणते तो जिवंत आहे. जिवंत माणसाला शिव्या घातल्या तर भांडायला येईल.”

“येऊ दे की. मी तरी दुसरं काय मागतेय?”

मृत्यूचा कागद नसताना वस्तीत रडायला जमायची मनाई होती. जमायची परवानगी फक्त ब्वानांच्या सभेला.

मतं गोऱ्यांची, पण फोटोत गर्दी हवी म्हणून रविवारी वस्तीतल्या आम्हा चारशे बायामाणसांना मागे बसवलं. “एकही मृत्यू नाही!” ब्वाना गरजले. मी उठलो.

“अरे काबासो, आळशा! ब्वाना एवढं घसा फोडून सांगतायत, आणि तू दगडाखाली लोळतोयस? माकडं खाऊन पोट सुटलं, म्हणून पळता आलं नाही ना?”

न्गोनी असा कोणाशी बोलतो, हे सगळ्यांना ठाऊक. म्वापेने हंबरडा फोडला. मग चारशे माणसं रडू लागली.

“यांना काय झालं?” ब्वानांनी दुभाष्याला विचारलं. दुभाषाही बेम्बाच.

“तुमचं भाषण मनाला लागलं, ब्वाना.”

ब्वानांचे डोळे पाणावले. त्यांनी हॅट काढून छातीशी धरली. तेवढ्यात फोटो निघाला. काबासोच्या मयताला कंपनीकडून ते एकटेच हजर होते.

त्या फोटोवर ते निवडून आले. नवऱ्याची नोकरी गेली म्हणून म्वापेला कंपनीच्या घराबाहेर काढलंच. ती निघाली त्या सकाळी मी फळीवरचा खोटा बिल्ला काढला आणि झाडाखाली खड्डा खणला. तिने बिल्ला फडक्यात गुंडाळून पुरला. पुरायला दुसरं काही नव्हतं. माती लोटताना मी त्याला आणखी दोन शिव्या घातल्या. ती पहिल्यांदा हसली.

दुसऱ्या दिवशी मुकादम फळीपुढे थांबला. “चारशे सतरा कुठाय?”

“खाली, ब्वाना.”

कंपनीचं पितळ हरवलं म्हणून दुपारपर्यंत मलाही काढून टाकलं.