भावोजींनी काढलेली फाइल

आमचे भावोजी कॉम्प्युटरमधले जाणकार आहेत, असं फक्त भावोजींचंच मत आहे. पण ते हे इतक्या वेळा सांगतात की प्रिंटर अडला की शेजारी त्यांनाच बोलावतात. ते जातात, अडलेला प्रिंटर पुरता बंद पाडतात आणि चहा पिऊन परत येतात.

ताईचा शिवणक्लास मात्र खरा आहे. मागच्या खोलीत कापायचं टेबल, दोन मशिनं आणि खिडकीजवळ स्टँडवर मोबाइल. कटिंगचे व्हिडिओ ती आपल्या पेजवर टाकते आणि तिच्या सगळ्या विद्यार्थिनी त्या पेजवरूनच येतात. एकटीने राबून तिने हे उभं केलं. भावोजी खुर्चीतून स्वतः उभं राहायचाही कंटाळा करतात.

मी अँटिव्हायरस बनवणाऱ्या कंपनीत आहे. ताईच्या कॉम्प्युटरवर आमचाच अँटिव्हायरस मी घालून दिला होता. त्यात एक लायब्ररी फाइल असते. कुठलीही साइट उघडायला घेतली की अँटिव्हायरस त्या फाइलच्या मदतीने पत्ता तपासतो, आणि साइट फसवी निघाली तर समोर लाल पान येतं. आमच्या अख्ख्या टीमचं काम म्हणजे ती एक फाइल. ताईला मी एवढंच सांगितलं होतं की लाल पान आलं की मागे फिरायचं.

भावोजींना फुकट सिनेमे बघायचे होते आणि दर वेळी लाल पान आडवं यायचं. त्यांनी त्या फाइलचं नाव इंटरनेटवर शोधलं. कुठल्याशा साइटवर लिहिलं होतं, 'गरज नसल्यास काढून टाकावी.' झालं. अँटिव्हायरसने 'नक्की काढायची का' असं विचारून पाहिलं, पण भावोजींना प्रश्न वाचायची सवय नाही. फाइल काढून त्यांनी मोठ्या फुशारकीने मला फोन केला.

"तुमच्या कंपनीचा कचरा साफ केला बरं का. आता एकसुद्धा लाल पान येत नाही."

"भावोजी, ती फाइल होती म्हणून लाल पान येत होतं. मी आज येऊन परत घालते."

"काही गरज नाही. मेहुणीकडून शिकायची वेळ अजून आली नाही माझ्यावर."

मी ताईला फोन लावला, भावोजींनी काढलेली एक फाइल परत घालायला येते म्हणाले. ती म्हणाली, "जाऊ दे गं, उगाच फुगून बसतील. रविवारी ये सावकाश."

रविवार उजाडायच्या आधीच ताईला मेल आला. तिचं पेज बंद होणार होतं म्हणे, ताबडतोब लॉगिन करा. तिने लिंक उघडली, लाल पान येतंय का बघितलं, आणि आलं नाही म्हणून निर्धास्तपणे पासवर्ड टाकला. पेजला जोडलेला फोन नंबर विचारला, तोही दिला.

तरीही पेज वाचलं असतं. नुसत्या पासवर्डवर ते उघडत नाही, नंबरवर कोड येतो. तो नंबर भावोजींचा होता, कारण घरातला तांत्रिक माणूस तेच. कोड आला, आणि पाठोपाठ एका अनोळखी नंबरवरून ताईच्या फोटोसकट मेसेज आला, 'मी बोलतेय, माझा फोन बिघडलाय, कोड पाठव.' जन्मात कधी ताईने त्यांना अरे-तुरे केलेलं नाही. भावोजींनी कोड पाठवला, वर अंगठ्याचं चित्रही पाठवलं.

मी पोचले तेव्हा पेजवरून ताईचे सगळे व्हिडिओ गेले होते आणि तिथे गॉगल विकायला ठेवले होते. ताई टेबलाशी बसून होती. डोळे सुजले होते.

"तो मेसेज आला तेव्हा मी कुठे होते?" तिने भावोजींना विचारलं.

"आत. मशीनवर."

"आवाज येत होता ना मशीनचा?"

"येत होता की. म्हटलं कामात आहेस, कशाला हाक मारायची." मग माझ्याकडे वळून म्हणाले, "तुमचा अँटिव्हायरसच कुचकामी. एवढं झालं, पण एका शब्दाने सावध केलं नाही."

इतका निलाजरा माणूस माझ्या पाहण्यात नाही. मी तोंड उघडणार होते, पण ताईने मला हाताला धरून आत नेलं आणि मोबाइल पुढे केला. नवीन पेजचा फॉर्म उघडा होता.

"कुठे अडलंय?" बाहेरून भावोजी म्हणाले. "माझा नंबर टाका, कोड मी सांगतो."

ताईने उठून मधलं दार लावलं.

"तुझा नंबर टाक," ती मला म्हणाली.