शेवटी येणारं नाव

"काकू, शनिवारच्या सिनेमात पडद्यावर तुमचं नाव सगळ्यांना दिसलं ना, तर मी संध्याची नऊवारी नेसून अख्ख्या गल्लीला चहा वाटतो!" ड्राइव्हवेवर उभं राहून मनोहरने डरकाळी फोडली. संध्या म्हणजे त्याची बायको.

"आणि नाही दिसलं तर?" शेजारच्या वसुधाकाकूंनी विचारलं.

"महिनाभर माझ्या प्रत्येक जोकला हसायचं."

"फार महागात पडेल रे," म्हणत काकूंनी टाळी दिली. पैज लागली.

काकू वाढल्या लेस्टरला. आयुष्यभर त्यांनी इंग्लंडच्या टीव्हीसाठी लिहिलं. हॉस्पिटलच्या मालिका, पोलिसांच्या मालिका, शेवटी एक सिनेमा. गुडघ्यांनी दगा दिल्यावर त्या लेकीकडे अमेरिकेत अल्फारेटाला आल्या. मनोहर सोडला तर गल्लीत कुणाला पत्ताच नाही. समोरच्या देवदत्तला वाटायचं, काकू रिटायर्ड टायपिस्ट असाव्यात.

शनिवारी अंधार पडल्यावर काकूंचा तो सिनेमा दाखवायला मनोहरने गॅरेजच्या पांढऱ्या दारावर प्रोजेक्टर लावला. खुर्च्या, पावभाजी, एकदम जय्यत! सिनेमा संपला रे संपला की ॲप नावं कोपऱ्यात ढकलतं आणि पुढचं काहीतरी सुरू करतं. काकूंचं नाव शेवटी येतं, हे मनोहरने आधीच बघून ठेवलं होतं. बदमाश कुठला!

सिनेमा होता एका विधवा बस-कंडक्टरणीचा. "ॲलर्जी आहे यार," म्हणत देवदत्तने दोनदा नाक पुसलं. सिनेमा संपला, आणि चित्र आक्रसून पोस्टाच्या तिकिटाएवढं झालं. उरलेल्या दारावर कसला तरी कुकिंग शो दणाणायला लागला. मंडळी टाळ्या वाजवून पावभाजीकडे धावली.

"हरलात, काकू!"

"तिकडेही हेच रे." काकूंनी चष्मा काढून मांडीवर ठेवला. "नावं आली की निवेदक पुढच्या कार्यक्रमाचं बोलायला लागायचा. आई मुद्दाम टीव्हीसमोर बसायची. पण चष्मा सापडेपर्यंत माझं नाव गेलेलं असायचं. मग विचारायची, 'खरंच तूच लिहितेस ना गं?' जाईपर्यंत विचारत होती."

मनोहरने घाईघाईने आपला ठेवणीतला, दहादा सांगून झालेला जोक टाकला.

काकू लगेच हसल्या. कबूल केल्याप्रमाणे, अगदी खळखळून.

ते हसणं काही मनोहरला झेपेना.

"रिमोट! अरे देवदत्त, रिमोट कुठाय? बसा सगळे! संध्या, प्लेट ठेव ती!"

रिमोट पावाच्या लादीखाली सापडला. बटर लागलेल्या बोटांनी मनोहरने सिनेमा मागे नेला, नावं मोठी केली आणि एका जागी थांबवली. अख्ख्या दारभर एकच नाव उभं राहिलं.

"वसुधा सबनीस," संध्याने मोठ्याने वाचलं. "अगंबाई! काकू, तुम्ही?"

"मला तुम्ही रडवलंत?" देवदत्त म्हणाला.

"तुला ॲलर्जी होती ना?" काकू म्हणाल्या.

संध्या घरात गेली ती हिरवी नऊवारी घेऊनच आली.

केसाळ पोटऱ्या, वाकडातिकडा काष्टा, हातात ट्रे. मनोहर खुर्च्याखुर्च्यांतून चहा वाटत फिरला. गल्लीतले सगळे फोन त्याच्यावर रोखलेले. त्याने सगळ्यांसमोर मुरकूनही दाखवलं. शेवटी तो काकूंसमोर आला, अगदी प्रोजेक्टरच्या झोतात. नावाची अर्धी अक्षरं त्याच्या पदरावर पडली.

"घ्या, काकू."

काकू मांडीवरचा चष्मा चाचपत होत्या. सापडल्यावर त्यांनी तो नीट डोळ्यांवर चढवला.

"जरा बाजूला हो रे. दिसत नाहीये."

मनोहर बाजूला झाला. कप हातात धरून उभा राहिला. चहा निवला, तरी काकूंचं वाचून झालं नव्हतं.