फे नावाचं विशेषण

आईच्या घोट्यावर अंगठा दाबून उचलला की तिथे खळगा राहायचा. तो भरून यायला किती वेळ लागतो यावरून अंगात किती पाणी साठलंय याचा अंदाज धाकटीला यायचा. डायलिसिस होऊन आल्यावर खळगा एक श्वास सोडेपर्यंत बुजायचा. पुढच्या डायलिसिसच्या आदल्या दिवशी तो हट्टाने तसाच राहायचा. त्या गुरुवारी, म्हणजे आदल्याच दिवशी, खळगा नेहमीइतकाच खोल होता. पोटऱ्या नेहमीइतक्याच ताठ होत्या. तरीही आई पलंगाच्या कडेला बसून पाय हलवत काहीतरी गुणगुणत होती.

धाकटीने शंका आली म्हणून पुन्हा दाबून पाहिलं.

"पिकलेय का बघतेयस?" आई म्हणाली. "पिकलेलीच आहे हो मी."

स्वयंपाकघरातून वहिनीचं हसणं ऐकू आलं. वर्षभरात आईला इतकं लांब वाक्य बोलायची सवय राहिली नव्हती. "हं", "नको", "ठेव तिथे" एवढ्यावर तिचा दिवस निघायचा. आणि या आठवड्यात तिने स्वतःचे केस स्वतः विंचरले होते, खिडकीचा पडदा धुवायला काढायला लावला होता, आणि आपली करडी शाल सुनेच्या खांद्यावर टाकून म्हटलं होतं, "तुला शोभते. मला ती म्हातारी दाखवते."

"दादाला सांगते, आई आज विनोद करत होती," धाकटी उठत म्हणाली.

"सांग की. त्याला सगळं सांगत जा," आई म्हणाली आणि परत गुणगुणू लागली.

दादाला सांगायची एक गोष्ट तिच्याकडे महिन्याभरापासून पडून होती. आईनेच सोपवलेली. दवाखान्यातून परतल्यावर एके दुपारी आईने तिला जवळ बसवून म्हटलं होतं, "पुरे झालं आता. मला त्या यंत्राला जोडून घ्यायचं नाही. डॉक्टरीणबाईंना विचारलं मी. त्या म्हणाल्या, निर्णय तुमचा, पण घरी बोला. दादाला तू सांग. तो समोर आला की माझी जीभ टाळूला चिकटते."

"सांगते," धाकटी म्हणाली होती.

पण दादाकडे पाहिलं की तिचीही जीभ टाळूलाच चिकटायची. दादा लिफ्ट दुरुस्त करायचा. शहरभराच्या लिफ्ट चालू ठेवणाऱ्या या माणसाच्या स्वतःच्या इमारतीला मात्र लिफ्ट नव्हती. आठवड्यातून तीनदा तो आईला पाठुंगळी घेऊन जिने उतरायचा आणि तीनदा चढवायचा. "मेकॅनिकच्या घरी लिफ्ट कशाला? मीच आहे ना," असं म्हणून धापा टाकत हसायचा. त्यासाठी त्याने बढतीची जागा सोडली होती. अशा माणसाला, तुझं हे सगळं आता नको, असं कसं सांगायचं? आज नको, उद्या सांगू. उद्या त्याची पाठ दुखायची, परवा त्याला ताप असायचा.

ती कामावर गेली.

ती काम करायची त्या इंग्रजी-मराठी शब्दकोशाचं कार्यालय एका छापखान्याच्या वरच्या मजल्यावर होतं. खाली यंत्र सुरू झालं की वरच्या टेबलांवरच्या चिठ्ठ्या हलके थरथरायच्या, म्हणून प्रत्येक गठ्ठ्यावर काहीतरी जड ठेवलेलं असे. धाकटी शिकली होती रसायनशास्त्र. शास्त्रातले शब्द तपासायला तिला घेतलं होतं. पण इंग्रजीतल्या वापरातून गेलेल्या विशेषणांचं काम पाहणाऱ्या बाई निवृत्त झाल्या, आणि तो खण आपोआप तिच्याकडे आला. तक्रार करायला जागा नव्हती. मुख्य संपादकांची पद्धत तिला प्रयोगशाळेसारखीच वाटायची. आधीच्या कोशांत अर्थ काय दिलाय ते पाहायचं नाही. शब्दाचे मिळालेले सगळे वापर चिठ्ठ्यांवर उतरवून टेबलावर मांडायचे. प्रत्येक चिठ्ठीच्या कोपऱ्यात पेन्सिलीने लिहायचं: कोण म्हणतं, कोणाबद्दल, केव्हा. आणि मग स्वतः अर्थ लिहायचा. तो अर्थ मुख्य संपादकांकडे गेला की त्यातलं निम्मं खोडून परत यायचं. कार्यालयात त्यांना सगळे, त्यांच्या पाठीमागे आणि हल्ली समोरही, खोडरबर म्हणत.

या आठवड्याचा शब्द होता 'फे' (fey). आजच्या इंग्रजीत तो स्वप्नाळू, परीकथेतल्यासारखा अशा हलक्या अर्थाने कुठे कुठे भेटतो. पण त्याचा जुना अर्थ आता लोपला होता, आणि धाकटीच्या टेबलावर तोच होता. सर्वांत जुन्या चिठ्ठ्या युद्धगीतांतल्या. तिथे फे म्हणजे ज्याचं मरण ठरलंय तो. सकाळी रणात पडणार असलेला योद्धा. शूर की भित्रा, याचा प्रश्नच नाही. नंतरच्या चिठ्ठ्या उत्तरेकडच्या डोंगराळ मुलखातल्या, आणि त्यांत शब्दाने वेगळाच रंग घेतला होता. जन्मभर कवडी न सोडणारा माणूस एकाएकी साऱ्या गावाला पाजतो. कधी न हसलेला मेंढपाळ अंगणात नाचतो. भोवतालचे एकमेकांकडे पाहतात आणि हळूच म्हणतात, हा फे झालाय. हा काही फार दिवस राहत नाही.

धाकटीने ती चिठ्ठी वाचली, आणि तिच्या डोळ्यांसमोर करडी शाल आली. मग विंचरलेले केस. मग हलणारे पाय.

खालचं यंत्र थांबलं तेव्हा तिच्या लक्षात आलं की आपण सुटल्यासारखा श्वास सोडलाय. त्याची तिला भीती वाटली. कारण तो श्वास दुःखाचा नव्हता. आई फे असेल, तर दादाला काही सांगावंच लागणार नाही. जे व्हायचं ते होईल.

संध्याकाळी दादा घरी आला तो जिन्यातूनच बोलत. "ए मोजपट्टी! आई बघ कशी खुललीय! आणि तू रोज पाय दाबून तोंड पाडून बसतेस." तिला तो लहानपणापासून मोजपट्टी म्हणायचा.

"पायांवरची सूज तेवढीच आहे, दादा."

"सूज गेली खड्ड्यात. चेहरा बघ. मी बोललोय नळी बसवणाऱ्या डॉक्टरांशी. रविवारीच म्हणाले होते, मानेतली नळी आता दगा देतेय, छातीत कायमची बसवावी लागेल. मी चार दिवस गप्प होतो. म्हटलं, हिला झेपेल का? आता झेपेल. सोमवारी करून टाकायचं."

वहिनी ताटं मांडत होती. ती थांबली. "आईंना विचारलंत?"

"विचारायचंय काय त्यात? सहीच्या वेळी सांगू. आधी सांगितलं तर जागरण करत बसेल."

वहिनीने धाकटीकडे पाहिलं. धाकटीला बोलायला यापेक्षा चांगली वेळ मिळणार नव्हती. तिने पाण्याचा घोट घेतला. सोमवार अजून लांब आहे, तिला वाटलं. आणि चिठ्ठ्यांमधल्या माणसांना इतके दिवस मिळत नाहीत. ती म्हणाली, "मीठ द्या ना, वहिनी."

दुसऱ्या दिवशी सकाळी तिने अर्थ लिहून खोडरबरांपुढे ठेवला: 'मरण जवळ आल्यामुळे अस्वाभाविक उत्साहात असलेला.'

त्यांनी चष्मा कपाळावर चढवला. "एका शब्दात नाही का बसत? मरणोन्मुख?"

"त्यात हसू नाही, सर."

"हे बरोबर." त्यांनी पेन्सिल उचलली. "पण 'आल्यामुळे' कुठून आणलंत?"

"वापरांतून. प्रत्येक ठिकाणी आधी उत्साह येतो आणि मग माणूस मरतो."

"माणूस जेवतोही आणि मग मरतो. जेवणामुळे मरतो का? तुम्ही शास्त्रवाल्या ना, बाई?" पलीकडच्या टेबलावरचे मुद्रितशोधक खुदकन हसले. खोडरबरांनी तिकडे पाहिलंही नाही. "कोपरे वाचा बघू. कोण म्हणतं?"

धाकटी चिठ्ठ्या उलटत गेली. "शेजारीण. बहीण. घरातला नोकर. सोबतचा शिपाई. परत शेजारीण. गीत गाणारा."

"आणि तो स्वतः?"

ती पुन्हा पहिल्यापासून गेली. तिने चिठ्ठ्या सावकाश, एकेक करून पाहिल्या. "तो कुठेच बोलत नाही."

"एकदाही?"

"नाही, सर. त्याला कोणी विचारतच नाही. सगळे आपापसात बोलतात."

"मग तो कशामुळे खुशीत आहे हे शेजारणीला काय ठाऊक? दात दुखायचा थांबला असेल. बायको परत आली असेल. मरणाचं भोवतालच्यांनी ठरवलं." त्यांनी 'आल्यामुळे' खोडलं, 'अस्वाभाविक' खोडलं, आणि कागद तिच्याकडे सरकवला. "लिहा: ज्याच्या अवचित उत्साहावरून तो लवकरच मरणार असे इतरांनी मानले असा. बाकी काहीही बदला, पण 'इतरांनी' खोडू नका."

"खोडू नका? तुम्ही म्हणताय, सर?" मुद्रितशोधक म्हणाले. सगळे हसले.

धाकटी हसली नाही. तिने कागद खणात ठेवला, अर्ध्या दिवसाची रजा मागितली आणि थेट दवाखाना गाठला. आईला एवढं विचारायला आपल्याला कोशाची गरज का पडावी, हा प्रश्न तिला बसमध्ये सारखा टोचत होता.

डायलिसिसच्या लांबट खोलीत खुर्च्या ओळीने मांडलेल्या होत्या. प्रत्येक खुर्चीशेजारी एक यंत्र, आणि यंत्रावर सावकाश फिरणारं चाक. आईच्या मानेपासून निघालेल्या नळ्यांमधून रक्त जात होतं, येत होतं. आई पलीकडच्या खुर्चीतल्या आजोबांशी बोलत होती.

"तू गं इथे कशी? कार्यालयाला आग लागली का?"

"दादा कुठेय?"

"खाली गेलाय. कसले तरी कागद आणायचेत म्हणाला. बस."

धाकटी स्टुलावर बसली. पायांकडे तिने पाहिलं नाही. "आई, एक विचारू? तू हल्ली एवढी खुशीत कशी?"

"मग काय, रडत बसू?"

"खरं सांग ना."

आईने तिचा हात हातात घेतला. तळवा थंड होता. डायलिसिस चालू असताना तो नेहमीच थंड पडायचा. "तूच तर केलंस. दादाला सांगितलंस ना सगळं? रविवारी तो आला, माझे पाय चेपत बसला. किती वेळ! तोंडातून शब्द नाही. एरवी त्याच्या तोंडाला कुलूप घालावं लागतं. मी म्हटलं, कळलं याला. पचवतोय बिचारा. मग मीही विषय काढला नाही. कशाला त्याला रडवू? पण छातीवरचा धोंडा उतरला बघ. म्हटलं, पोराने मला मोकळं केलं. आता राहिलेले दिवस हसून घालवू."

यंत्रावरचं चाक फिरत होतं. आजोबांनी मान वळवून डोळे मिटले होते, किंवा मिटल्याचं दाखवत होते.

"आई..."

"आणि हे बघ, मी मोजत नाहीये, पण आजचं शेवटचंच ना गं? का अजून एखादं ठरवलंय तुम्ही?"

दादा आत आला. एका हातात कागद, कानावर पेन, कपाळावर घाम. धाकटीला पाहून त्याचा चेहरा उजळला. "बरं झालं मोजपट्टी आली! साक्षीदार लागतोच आहे. आई, इथे सही कर. जास्त विचार करायचा नाही."

"कशाची सही?" आईने विचारलं.

"सोमवारी छोटंसं काम आहे. छातीत एक नळी बसवायची. मग वर्ष दोन वर्षं बघायला नको. आता तू अशी ठणठणीत झालीयस, डॉक्टरही खूश आहेत."

आईने कागदाकडे पाहिलं. मग दादाकडे. मग धाकटीकडे, आणि तिथेच थांबली. तिच्या चेहऱ्यावरून आठवडाभराचं ते सगळं उतरत गेलं. आधी ओठांवरून, मग डोळ्यांतून; आणि वर्षभराचा तो जुना, "हं" म्हणणारा चेहरा तेवढा उरला. नळ्या नसलेल्या बाजूचा हात तिने पेनासाठी पुढे केला.

"शाब्बास," दादा म्हणाला आणि कानावरचं पेन काढलं.

धाकटीने मधेच हात घालून ते पेन धरलं.

"अगं, काय पोरकटपणा? सोड."

"नाही सोडत."

"दवाखाना आहे हा. लोक बघतायत. सोड म्हणतो ना!"

"बघू देत." आवाज आपल्याच तोंडातून येतोय हे तिला स्पष्ट कळत होतं. "दादा, ती सही करणार नाही. तिने महिन्यापूर्वी ठरवलंय आणि तुला सांगायला मला सांगितलं होतं. मी नाही सांगितलं. आता सांगते. सोमवारी नळी बसवायची नाही. आई यापुढे डायलिसिस करणार नाही."