खालच्यांची काठी

गिटारवाला तिसऱ्या मजल्यावर राहायचा आणि खालचे दुसऱ्या मजल्यावर. खालच्यांना नाव होतं, दारावर पाटीही होती, पण वरच्या घरात गेली चाळीसेक वर्षं त्यांना ‘खालचे’च म्हणत, आणि खालच्या घरात गिटारवाल्याला ‘वरचा’. जिन्यात समोरासमोर आलेच तर दोघे मान हलवत. बाकी सगळं बोलणं छतातून चाले.

ते असं. दुपारची जेवणं झाली, भांडी घासून झाली, की गिटारवाला गिटार स्पीकरला जोडून सरावाला बसे. त्याचं संगीत रॉक जातीचं, म्हणजे शेजाऱ्यांना विचारून वाजवण्यातलं नव्हे. पहिल्याच फटक्याला खालच्यांच्या भिंतीवरचे फोटो तिरके होत. टेबलावरचा चहाचा कप चालू लागे आणि गाणं संपेपर्यंत टेबलाच्या दुसऱ्या टोकाला पोचे. खालचे शेवटी त्याच टोकाला बसू लागले. कप आपण होऊन येई. झोप मात्र अशी आपण होऊन येत नसे. मग खालचे काठी घेऊन उठत आणि छतावर दोनदा ठोकत. ठक्, ठक्.

ही काठी मूळची पुरुषभर उंचीची. ठोकून ठोकून ती झिजत गेली, तसे खालचे आधी टाचा उंचावून, मग पाटावर, मग स्टुलावर उभे राहून ठोकू लागले. छताला पडलेला खळगा इतका खोल गेला, की गिटारवाल्याची बायको म्हणायची, "आणखी एक गाणं बसवलंत तर खालच्यांचा हात वर येईल. तेवढा गालिचा जरा सरकवून ठेवा."

ठक्-ठक् झालं की गिटारवाला थांबे, कान देई, आणि खालचे स्टुलावरून उतरायच्या आत पुन्हा सुरू करी. त्याची सगळी गाणी अशीच बसली. गाणं ऐन भरात आलं की एकदम थांबायचं, दोन ठोक्यांएवढी जागा सोडायची, आणि मग कोसळायचं. लोक त्या मोकळ्या जागेवर फिदा होते. एका समीक्षकाने तर लिहून टाकलं, की ही शांतता त्याने हिमशिखरांवरच्या एकांतात कमावली आहे. गिटारवाल्याला आइस्क्रीमनेसुद्धा सर्दी होई. पण कात्रण त्याने जपून ठेवलं.

वय झालं. बरोबरीचे काही नातवंडं खेळवू लागले, काही गुडघ्याच्या तेलाच्या जाहिरातीत दिसू लागले. अशात रेकॉर्ड कंपनीने त्याला बोलावून सांगितलं, "भरल्या सभागृहात एक मैफल करा. ती जशी होईल तशी रेकॉर्ड करू आणि तोच अल्बम. नंतर स्टुडिओत बसून एक सूरही दुरुस्त करायचा नाही. हीच तर गंमत." गिटारवाल्याचे अल्बम पुष्कळ होते, पण प्रत्यक्ष मैफलीचा एकही नव्हता. हा हुकला असता तर पुन्हा कुणी विचारणार नव्हतं, हे कंपनी बोलली नाही आणि त्याला ऐकू आलं.

आणि नेमका तालमीत घोटाळा सुरू झाला. मोकळ्या जागेपर्यंत सगळं झकास, पण तिथून परत कधी शिरायचं हेच त्याला कळेना. कधी तो आधीच घुसे, कधी ड्रमवाला पुढच्या कडव्यात पोचला तरी हा आपला हात वर करून उभा.

"दादा, गाडी चुकली का?" ड्रमवाला म्हणाला.

"गाडी येतच नाहीये," गिटारवाला म्हणाला. घरी येऊन त्याने दोन्ही हात बायकोसमोर धरले. "बघ. संपले हे."

बायको वाटाणे सोलत होती. "हातांना काही धाड भरलेली नाही. काठी थांबलीय."

"कसली काठी?"

"खालच्यांची. सुनेने छत नवीन करून घेतलं ना. पांढरंशुभ्र, मधे मधे दिवे. सासऱ्यांना दम दिलाय म्हणे, की या छताला काठी लावलीत तर बघा. जिन्यात सांगत होती. किती महिने झाले, ठक् ऐकलंयत का तुम्ही?"

गिटारवाल्याने नव्हतं ऐकलं. तो चपला घालून खाली गेला आणि आयुष्यात पहिल्यांदा त्याने खालच्यांची घंटी वाजवली.

"या," खालचे म्हणाले. "चाळीस वर्षं वाट बघतोय, की कधीतरी माफी मागायला याल."

"माफी नाही, काठी मागायला आलोय."

"का? मोडायला?"

गिटारवाल्याने सगळं सांगितलं. खालच्यांनी चष्मा काढला, पुसला, पुन्हा लावला.

"म्हणजे तुमच्या त्या गाण्यांत मी आहे?"

"तुमची जागा आहे."

"आणि अल्बमवर फोटो तेवढा तुमचा!" खालचे म्हणाले, पण त्यांना बरं वाटलं होतं. त्यांनी वर बोट केलं. "हे बघा. दवाखान्यात झोपल्यासारखं वाटतं. तुम्ही वर धिंगाणा घालता आणि मी इथे पडून दातओठ खातो. दात बसवलेले आहेत, तेही धड खाता येत नाहीत."

"बाबा, काठीचं काय चाललंय?" आतून सून ओरडली.

"काही नाही गं. वरच्यांचे गुडघे गेलेत, उसनी मागतायत." मग आवाज खाली आणून ते म्हणाले, "येतो मी मैफलीला, काठी घेऊन. पण एक सांगून ठेवतो. मी खोटं ठोकणार नाही. राग आला तरच ठोकीन."

"त्याची काळजी तुम्ही माझ्यावर सोडा," गिटारवाला म्हणाला.

सभागृहाचं स्टेज लाकडी होतं, आतून पोकळ, आणि इतकं बुटकं की त्याच्याखाली खुर्चीत बसूनही उरलेली काठी बरोब्बर वर पुरे. संध्याकाळी, प्रेक्षकांना आत सोडायच्या आधी, बायकोने तिथे उशी, पाण्याची बाटली आणि खालचे अशी सगळी मांडामांड केली. ध्वनिमुद्रण करणारा माणूस वायर ओढत ओढत तिथे पोचला आणि दचकला.

"दादा, स्टेजखाली माणूस आहे!"

"माणूस नाही. खालचे आहेत ते. त्यांनाही एक माइक लाव."

मैफल सुरू झाली. पहिलं गाणं भरात आलं, गिटारवाला थांबला, आणि पायाखालून आलं: ठक्, ठक्. त्याचे हात असे कोसळले, की पुढच्या रांगेतल्या एकाच्या चष्म्याची काच तडकली, आणि तो ती काच आजही लोकांना दाखवतो. दुसरं गाणं, ठक्-ठक्. तिसरं, ठक्-ठक्, आणि खालचे आता चांगलेच तापले होते, कारण ठोक्यासरशी ड्रमवाल्याचं स्टूल वीतभर उडालं. ड्रमवाला हवेतल्या हवेत एक फटका मारून खाली आला. लोकांना वाटलं, बसवलेलंच आहे.

मग शेवटचं गाणं. हे संथ होतं, नवीन होतं. खालचं छत पांढरं झाल्यावर, काठी गप्प असताना बसवलेलं. मोकळी जागा त्यातही होती, पण ती अंदाजाने सोडलेली. गिटारवाला त्या जागेपाशी आला आणि थांबला.

ठक् आलं नाही.

त्याने वाट बघितली. ड्रमवाल्याने त्याच्याकडे बघितलं. सभागृहात कुणीतरी खोकणार होतं, त्याने तो खोकला गिळला. रेकॉर्डिंग चालू होतं आणि त्यात काहीही भरत नव्हतं. गिटारवाल्याच्या मनात आलं, आता घुसावं. पण कुठे, ते हातांना माहीत नव्हतं. मग मनात आलं, खालच्यांचं वय काय, स्टेजखाली उकाडा किती, आणि आपण त्यांना तिथे कोंडून राग आणत बसलोय. अल्बमचा विचार त्याच्या डोक्यातून साफ गेला. त्याने पाय उचलला आणि टाचेने स्टेजवर दोनदा ठोकलं. ठक्, ठक्.

चाळीस वर्षांत वरून खाली ठोकण्याची ही पहिलीच वेळ.

आणि खालून, दुसऱ्या माइकमधून, सगळ्या सभागृहात आवाज घुमला, "अरे, थांबलास कशाला? वाजव की!"

गिटारवाल्याने वाजवलं. कसं वाजवलं ते इथे सांगण्यात अर्थ नाही. अल्बम निघालाय, ऐकणाऱ्याने ऐकावा.

दुरुस्ती करायची नाही असं कंपनीनेच ठरवलेलं, त्यामुळे ती लांबलचक शांतता, ते टाचेचे ठोके आणि तो आवाज, सगळं अल्बममध्ये राहिलं. त्याच समीक्षकाने लिहिलं, की हा कलावंताच्या अंतरात्म्याचा आवाज आहे. गिटारवाला अल्बमची एक प्रत आणि ते कात्रण घेऊन खाली गेला.

खालच्यांनी कात्रण हात लांब करून वाचलं. "असेल अंतरात्मा. माझा आवाज नाही. मी कुणाला अरे-तुरे करत नाही."

"मग ठोकलं का नाहीत?"

"सांगितलं होतं ना तुम्हाला. खोटं ठोकणार नाही."

एवढं बोलून ते सुनेला चहा ठेवायला सांगायला आत गेले आणि बराच वेळ बाहेर आले नाहीत. सुनेनेच चहा आणून दिला. टेबलाच्या या टोकाला ठेवला, तो या टोकालाच राहिला.

आठवड्याभराने दुपारी गिटारवाला जेवून आडवा झाला होता. खालून गाण्याचा आवाज यायला लागला. चांगला मोठा. त्याचाच अल्बम, शेवटचं गाणं. डोळा लागेना. तो पडल्या पडल्या ऐकत राहिला. गाणं त्या जागेपाशी आलं आणि थांबलं.

ठक्, ठक्, त्याच्या पाठीखाली वाजलं. मागोमाग काहीतरी भसकन खाली पडलं.

"बाबा! नवीन छत!"

"पाल होती गं," खालचे म्हणाले. "गेली."

गिटारवाला उठला आणि त्याने गिटार स्पीकरला जोडली.