तोंडाने ओवलेले हार

“धर दातात. आन हार पुरा होईपर्यंत सोडायचं नाई,” असं म्हणत गोवर्धनने दोऱ्याचं टोक मोनालीच्या तोंडापुढे धरलं. सहा वर्षांच्या मोनालीने बापाकडे एकदा पाहिलं, टोक दातांत पकडलं आणि झेंडूच्या ढिगात हात घातला. एरवी दोरा पायाच्या अंगठ्याला अडकवायची रीत. दातांत धरायची ही युक्ती गोवर्धनची, आणि तिचा हाराशी काहीएक संबंध नव्हता. पोरीचं तोंड बंद राहावं, एवढ्यासाठीच ती होती.

अमरावतीच्या बाजारात गोवर्धनचं फुलांचं दुकान होतं. दुकान म्हणजे एक लाकडी फळी, वर ताडपत्री आणि जवळच्या भातकुली गावच्या शेतातून पहाटे आणलेली फुलं. शाळा सुटली की मोनाली तिथे येऊन बसे, आणि बसली की तोंड सुरू. कोणाशी नाही, स्वतःशीच. “दोन पिवळे. आता पांढरं. पान कुठं गेलं? हे काय, पायाखाली.” शेजारचा नारळवाला मोतीराम तिला रेडिओ म्हणे. गोवर्धन स्वतः मुखदुर्बळ. दिवसभरात फुलांच्या भावापलीकडे चार शब्द बोलला तरी डोक्यावरून पाणी. पण पोरीच्या बडबडीची त्याला इतकी गोडी लागली होती की तिच्या डोक्यात काय शिजतंय ते त्याला न विचारता कळे. याचा त्याला मनातून फार अभिमान होता.

शाळेत मात्र या बडबडीचं कौतुक नव्हतं. पहिलीच्या आकांक्षा मॅडमनी मोनालीच्या आईला, मंजुषाला, बोलावून घेतलं. पोरगी गणित करताना, चित्र काढताना, दप्तर भरतानासुद्धा बोलत असते आणि सगळा वर्ग तिचंच ऐकत बसतो, असं त्यांनी सांगितलं. गप्प बस म्हटलं की बसते, पण मग वहीही कोरीच राहते. मुख्याध्यापकांचं म्हणणं पडलं की हिला अजून समज आलेली नाही. दिवाळीच्या सुट्टीआधी एकदा परीक्षा घेऊ, नाही जमलं तर वर्षभर परत बालवाडीत बसवू. मंजुषा घरी येऊन रडली. गल्लीतल्या बाया आधीच पोरीला येडी म्हणत होत्या, त्यात बालवाडीत परत गेली म्हणजे कायमचा शिक्का. तेव्हा गोवर्धनने छातीठोकपणे सांगून टाकलं की आठ दिवसांत पोरीची सवय मोडतो.

तर सवय मोडायचं काम असं सुरू होतं. हार वाढत होता, पण भलताच वाढत होता. पाच पिवळे ओळीने, मग दोन पानं, मग पुन्हा पिवळे, आणि पांढऱ्या शेवंतीचा पत्ताच नाही. शेवटी मोनालीचा हात एक फूल धरून हवेतच थांबला. पुढे काय घ्यायचं ते तिला सुचेना. तिने हाराकडे पाहिलं, बापाकडे पाहिलं. डोळे भरून आले, पण दोरा काही सोडला नाही. सोडायचं नाही असं बाबांनी सांगितलं होतं.

गोवर्धनने स्वतःच्या हाताने दोरा तिच्या तोंडातून काढला आणि तिला बोल म्हणाला.

“हे चुकलं,” मोनालीने नाक पुसत सुरुवात केली. “हे काढा लागते. दोन पिवळे, मंग पांढरं, मंग पान...” आणि हात भराभर चालू लागले.

गोवर्धन बघत राहिला. आजवर त्याला वाटे, काम हातांचं आणि बडबड वरची. दुकान आवरताना त्याने स्वतःवरच प्रयोग करून पाहिला. दसऱ्याच्या तोरणांना उद्या किती फुलं आणायची याचा विचार करायचा, पण मनातसुद्धा एक शब्द उच्चारायचा नाही. काही केल्या जमेना. म्हणजे बडबड आपणही करतोच की, फक्त ती मोतीरामला ऐकू येत नाही, हे त्याला उमगलं आणि त्याला एकट्यालाच हसू फुटलं.

दुसऱ्या दिवशी धुतलेला सदरा घालून तो शाळेत गेला. चार शब्द न बोलणारा माणूस मॅडमपुढे उभा राहून म्हणाला, “मॅडम, माह्या पोरीचा इचार अजून तोंडातूनच चालते. तोंड बंद केलं का इचार बंद. तिची परीक्षा भायेर व्हरांड्यात घ्या, तिले बोलू द्या. मंग नाई जमलं तर खुशाल बालवाडीत बसवा. मी काई म्हननार नाई.”

आकांक्षा मॅडमना बरंच वाटलं. लहान मुलं असं बोलतच विचार करतात, कोणी थोडी जास्त वर्षं करतं, हे त्या शिकल्या होत्या. पण वर्गात पन्नास मुलं असताना तेच मुख्याध्यापकांना सांगायचा धीर त्यांना झाला नव्हता. आता त्यांनी तो केला.

परीक्षा व्हरांड्यात झाली. मुख्याध्यापक दाराशी हाताची घडी घालून उभे होते. “सात आंबे. तीन खाल्ले. कोनं खाल्ले? मीच खाल्ले,” मोनालीने बोटं मिटली. “चार राहिले. ते आईले.” मुख्याध्यापकांनी तोंड फिरवलं, पण हसू काही लपलं नाही. मोनाली पहिलीतच राहिली. खिडकीजवळचा शेवटचा बाक तिला मिळाला, आणि हळू आवाजात बोलायची परवानगीही.

पुढे वर्षभरात तो आवाज उतरत गेला. आधी कुजबुज झाली, मग नुसतेच ओठ हलू लागले. दुसरीत गेल्यावर तेही थांबले. एका दुपारी पोरगी शेजारी बसलेली असूनही गोवर्धनला दुकान ओकंओकं वाटलं, तेव्हा कुठे त्याच्या ते ध्यानात आलं. मोनाली मोठा हार ओवत होती. तिरंगी नक्षी तिने स्वतःच योजली होती, आणि कुठेही चूक नव्हती.

“काय चालू हाये वं डोक्यात?” त्याने विचारलं.

“काई नाई, बाबा.”

पण ती गालातल्या गालात हसत होती, आणि कशाला ते तिने सांगितलं नाही. असं विचारायची वेळ त्याच्यावर आजवर आली नव्हती. पोरगी शहाणी झाली म्हणून त्याला आनंद झाला, आणि तितकंच वाईटही वाटलं. मग त्याला ती शांतता सोसवेना आणि तोच बोलू लागला. ऊन किती तापलंय, शेवंती कशी कोमेजून राहिली, तिच्यावर पाणी मारावं लागेल, मोतीराम आज लवकर घरी गेला. इतकं तो लग्नात मंजुषाशीही बोलला नव्हता.

“बाबा, जरासक चूप बसा ना,” मान वर न करता मोनाली म्हणाली. “मी इचार करून राहिली.”

थोड्या वेळाने एक गिऱ्हाईक येऊन हाराचा भाव विचारू लागलं. गोवर्धनने ओठांवर बोट ठेवलं आणि दुसऱ्या हाताची बोटं पुढे करून भाव सांगितला.