डोळ्याखालचा भोवरा

छगन चितारीने तिसऱ्यांदा कुंचला टेकवला आणि तिसऱ्यांदा घोडीने मान झटकली. काळा फराटा थेट त्याच्या पागोट्यावर.

“कौसाबाय, हाई भिंत शे का? धर ना तिले नीट!”

“धरी तं ऱ्हायनू. तू हात चालाड.”

छगनचं डोकं फिरलं होतं. सारंगखेड्याच्या देवळाच्या भिंतींवर त्याने काढलेले घोडे होते, त्यातल्या एकालाही खोड नव्हती. आणि ही बाई धडधाकट घोडीच्या डोळ्याखाली केसांचा भोवरा काढून मागत होती! असा भोवरा असलेली घोडी घरातला माणूस खाते, म्हणून बाजारात तिला कुणी हात लावत नाही. जर्मन लढाईसाठी सक्तीने घोडे घेणारा साहेब उद्या येणार होता. त्यानेही लावू नये, एवढीच कौसाबाईची आशा.

“मन्हा पोऱ्या भिला बसराले लढाईवर गया. पाच महिनापासून कागद नई. त्यानी घोडी तरी ऱ्हाऊ दे.”

साहेब ओला हात फिरवेल म्हणून छगनने डिंक बाजूला ठेवला, रंगात पाण्याने न सुटणारी राळ कालवली आणि एकेक केस वळवून बसवला. भोवरा इतका खरा उतरला की शेजारच्या घोडेवाल्याने आपलं जनावर सोडून लांब नेऊन बांधलं.

सकाळी साहेबाने दात पाहिले, खूर उचलले. कारकुनाने डोळ्याकडे बोट दाखवलं.

“साहेब, हा भोवरा अशुभ. माणूस मरतो म्हणतात.”

साहेब हसला.

“लढाईत चालेल,” तो मोडक्या मराठीत म्हणाला. घोडीच्या पुठ्ठ्यावर खडूने आकडा पडला.

“त्याले काय समजस!” छगन चडफडला. “मन्ही मेहनत फुकट गई.”

कौसाबाईचं लक्षच नव्हतं. तिने पदर थुंकीने ओला केला आणि ती घोडीचा गाल घासू लागली.

“आते कसाले पुसस?”

“अरे, तठे भिला शे ना!”

छगनने पागोटं सोडलं आणि हौदात बुचकळलं. तोवर शिपाई घोडी घेऊन निघाला होता.

“इतलं पक्कं कसाले करं रे?” कौसाबाई मागून ओरडली.

तापीच्या उतारापर्यंत छगन घोडीबरोबर पळत होता, गाल घासत, आपल्याच हाताला शिव्या देत. भोवऱ्याचा एक केसही सुटत नव्हता.